एमए झालं, पीएचडी झाली, मग पगार का वाढला नाही? गोव्यातल्या एका शिक्षिकेच्या प्रश्नाला उत्तर

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: डिचोली तालुक्यातल्या अनुदानित माध्यमिक विद्यालयात तुम्ही बीए, बीएड या पात्रतेवर लागलात. नोकरी सांभाळून मराठीत एमए केलंत आणि आता गोवा विद्यापीठाची पीएचडीही मिळाली. कॉलेजात शिकवणाऱ्या तुमच्या मैत्रिणीला २०१२ साली पीएचडीवर तीन आगाऊ वेतनवाढी मिळाल्या होत्या. तुम्ही शाळेच्या कार्यालयात विचारलंत, तर 'आपल्याकडे तशी तरतूद नाही' एवढंच तोंडी सांगितलं. कायद्याने तुमचा काही हक्क आहे का, आणि असेल तर तो मागायचा कसा?

मी शिक्षकांच्या सेवाविषयक प्रकरणांचं काम करतो. त्यात पदवीच्या वेतनवाढीइतका गैरसमजांनी भरलेला विषय दुसरा नाही. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

आधी मूळ मुद्दा. पदवी मिळाली म्हणून पगार वाढवून मिळण्याचा हक्क आपोआप तयार होत नाही. तुमच्या संवर्गासाठी, म्हणजे तुमच्या प्रकारच्या पदांच्या गटासाठी, पदवी मिळाली त्या तारखेला तशी वाढ देणारा नियम किंवा सरकारी आदेश अमलात असला पाहिजे. तसा आदेश असेल, तर वाढ देणं हा खात्याच्या मर्जीचा भाग राहत नाही. आदेशातल्या अटी तुम्ही पूर्ण केल्या की ती द्यावीच लागते. आदेशच नसेल, तर पदवी कितीही मोठी असली तरी उच्च न्यायालय सरकारला 'वाढ द्या' असं सांगत नाही. वेतनश्रेणी ठरवणं हे सरकारचं काम, ही न्यायालयांची जुनी भूमिका आहे.

हे नीट कळायला हरियाणाचं उदाहरण उपयोगी पडतं. जुन्या संयुक्त पंजाबात १९५७ चं एक परिपत्रक होतं. त्यात शिक्षकांचे गट पात्रतेनुसार पाडलेले होते, त्यामुळे वरची पात्रता मिळवली की वरची श्रेणी मिळे. शिक्षक न्यायालयात गेले आणि जिंकलेही. पुढे १९९० मध्ये हरियाणा सरकारने धोरण बदललं. त्यानंतर पदवी मिळवलेल्यांची प्रकरणं सर्वोच्च न्यायालयात गेली, तेव्हा न्यायालयाने सांगितलं की नव्या आदेशानंतर केवळ पात्रता वाढली म्हणून वरची श्रेणी मागता येणार नाही. त्याच राज्यातला, तसाच शिक्षक, तशीच पदवी, पण तारीख वेगळी म्हणून निकाल वेगळा. म्हणून माझ्याकडे कोणी आलं की मी पदवीचं प्रमाणपत्र नंतर बघतो. आधी विचारतो, पदवी कोणत्या तारखेची आणि त्या दिवशी कोणता आदेश लागू होता?

आता तुमच्या मैत्रिणीच्या तीन वेतनवाढींकडे येऊ, कारण तुमच्या मनातली खरी खंत तीच दिसते.

कॉलेजच्या प्राध्यापकांचा पगार विद्यापीठ अनुदान आयोगाच्या श्रेणीनुसार ठरतो आणि तो विषय उच्च शिक्षण संचालनालयाकडे आहे. तुमचा पगार शिक्षण खात्याकडे. पर्वरीत दोन्ही कार्यालयं फार लांब नसली, तरी नियमांच्या दृष्टीने ही दोन वेगळी घरं आहेत. आयोगाच्या ३० जून २०१० च्या नियमावलीत, नोकरीत रुजू होतानाच पीएचडी असेल तर पाच आणि नोकरीत असताना मिळवली तर तीन अशा आगाऊ वेतनवाढी होत्या. नोकरीत असताना एमफिल केलं तर एक. या वाढी चक्रवाढ पद्धतीने धरायच्या नाहीत, असं त्यात स्पष्ट म्हटलं होतं. सहाव्या वेतन आयोगात १५,६०० मूळ वेतन आणि ६,००० ग्रेड पे असलेल्या सहायक प्राध्यापकाचे दोन्ही मिळून २१,६०० होत. त्याची ३ टक्के वाढ ६४८ रुपये. तीन वाढींचे १,९४४. पहिली वाढ मिळवून त्यावर दुसरी काढायची नाही, प्रत्येक वाढ मूळ आकड्यावरच. शिवाय पदवी संबंधित विषयातली हवी आणि विद्यापीठाने प्रवेश, कोर्सवर्क आणि मूल्यमापन आयोगाने ठरवलेल्या पद्धतीने केलेलं हवं, ही अट होती. अनेकांची प्रकरणं याच अटीवर अडली. विद्यापीठाचं कोर्सवर्कचं प्रमाणपत्र जोडलेलं नसलं की फाइल परत येई.

पण मैत्रिणीला २०१२ मध्ये मिळालं ते आज रुजू होणाऱ्या प्राध्यापकालाही मिळत नाही. सातव्या वेतन आयोगानंतर केंद्राने २ नोव्हेंबर २०१७ ला जी योजना काढली, तिच्यात पीएचडी आणि एमफिलवर आगाऊ वेतनवाढी बंद केल्या. कारण असं दिलं की पदवीधारकाला पदोन्नती लवकर मिळते, तेवढं प्रोत्साहन वेतनरचनेतच आहे. म्हणजे शैक्षणिक स्तर १० वरून ११ वर जायला पीएचडी असेल तर चार वर्षं, एमफिल असेल तर पाच आणि दोन्ही नसेल तर सहा वर्षं. स्तर १० ची सुरुवात ५७,७०० वर होते, ११ ची ६८,९०० वर. पुढे सहयोगी प्राध्यापक व्हायचं, म्हणजे १,३१,४०० पासून सुरू होणाऱ्या स्तर १३ए मध्ये जायचं, तर २०१८ च्या नियमावलीनुसार पीएचडी लागतेच. कॉलेजात पदवीचा फायदा आजही आहे. तो पगाराच्या बिलात वेगळ्या ओळीत दिसत नाही, एवढंच.

तेव्हा 'तिला मिळाल्या, मला का नाही' हा युक्तिवाद न्यायालयात टिकणार नाही. समानतेचा अधिकार सारख्या स्थितीत असलेल्यांमध्ये चालतो. कॉलेजचा प्राध्यापक आणि माध्यमिक शिक्षक यांचे संवर्ग, भरती नियम आणि श्रेणी सगळंच वेगळं. दुसऱ्या कोणाला चुकून वाढ दिली गेली असेल, तर त्या चुकीच्या आधारेही आपल्याला वाढ मागता येत नाही. हे ऐकायला कडू वाटेल, पण याच एका मुद्द्यावर लोक वकिलाची फी भरून हरतात.

मग तुमच्या हातात काय आहे?

अनुदानित शाळेतल्या शिक्षकाचा पाया म्हणजे १९८४ चा गोवा, दमण आणि दीव शालेय शिक्षण कायदा आणि त्याखालचे १९८६ चे नियम. तुमचा पगार शाळेचं व्यवस्थापन देत असलं तरी पैसा सरकारी अनुदानातून येतो आणि वेतनश्रेणी सरकारी शाळेतल्या त्याच दर्जाच्या शिक्षकाबरोबरीची असते. याचा अर्थ सरकारी माध्यमिक शिक्षकाला पदवीवर जे मिळतं त्यापेक्षा कमी तुम्हाला मिळता कामा नये, आणि त्यापेक्षा जास्त अनुदानातून मिळणार नाही. म्हणून तुमचा तुलनेचा धागा कॉलेजकडे जोडू नका. सरकारी विद्यालयातल्या, तुमच्याच पदावरच्या शिक्षकाकडे जोडा.

शाळेच्या स्तरावर उच्च पात्रता पगाराला तीन वाटांनी लागते.

पहिली वाट निवड श्रेणीची. राष्ट्रीय शिक्षक आयोगाने, ज्याला चट्टोपाध्याय आयोग म्हणतात, १९८५ च्या अहवालात शिक्षकांसाठी जी रचना सुचवली तीतून मूळ श्रेणी, बारा वर्षांनी वरिष्ठ श्रेणी आणि आणखी बारा वर्षांनी निवड श्रेणी असा क्रम आला. केंद्रीय विद्यालयांत निवड श्रेणीसाठी वरची शैक्षणिक पात्रता लागते आणि वरिष्ठ श्रेणीतल्या पदांच्या २० टक्क्यांची मर्यादा असते. म्हणजे बीए, बीएड शिक्षकाने मिळवलेलं एमए चोवीस वर्षांच्या टप्प्यावर कामी येतं. याउलट पदोन्नती न मिळालेल्याला दहा, वीस आणि तीस वर्षांनी वरचा वेतनस्तर देणारी जी एमएसीपी योजना आहे, तिला पदवीशी काही देणंघेणं नाही. ती सेवेची वर्षं आणि कामाचा शेरा बघते. तुमच्या बाबतीत यांपैकी कोणती रचना लावली आहे, हे सेवापुस्तिकेतल्या शेवटच्या वेतननिश्चितीच्या नोंदीत दिसेल. तिथे आदेशाचा क्रमांक आणि तारीख लिहिलेली असते, ती उतरवून घ्या. दर वर्षी सेवापुस्तिका बघून सही करणं हा तुमचा अधिकार आहे. कार्यालयात शांतपणे बसून पानं उलटा, आणि एमएची नोंद पात्रतेच्या रकान्यात झाली आहे का ते आधी बघा. मी बघितलेल्या बऱ्याच प्रकरणांत पदवी मिळून वर्षं झाली तरी ही नोंदच नव्हती. नोंद नसली की खात्याच्या दृष्टीने ती पदवी अस्तित्वातच नसते.

दुसरी वाट वरच्या पदाची. उच्च माध्यमिकमधल्या ग्रेड एक शिक्षकाला त्या विषयातलं एमए आणि बीएड लागतं. तुम्ही आता त्या पदाला पात्र आहात, पण पात्र असणं म्हणजे पद मिळणं नव्हे. जागा हवी, ज्येष्ठता हवी. मिळालं तर फायदा किती, हे केंद्राच्या वेतन तक्त्यावरून दाखवतो. समजा स्तर ७ मध्ये तुमचं मूळ वेतन ५०,५०० आहे आणि पदोन्नती स्तर ८ मध्ये झाली. वेतननिश्चिती कशी करायची ते सांगणाऱ्या केंद्राच्या मूलभूत नियम २२ प्रमाणे आधी स्तर ७ मध्येच एक वेतनवाढ द्यायची, म्हणजे ५२,०००. मग स्तर ८ मध्ये तेवढाच किंवा त्याच्या लगेच वरचा आकडा शोधायचा. स्तर ८ मध्ये ५२,००० हा आकडा आहेच, तेव्हा वेतन तिथे ठरलं. हातात मूळ वेतनातले १,५०० रुपये आणि त्यावरचा महागाई भत्ता. अनेकांना ही वाढ फार मोठी असेल असं वाटतं, तशी ती नसते. खरा फायदा वरच्या स्तरात पुढे सरकताना आणि निवृत्तिवेतन ठरताना होतो. पदोन्नती झाली की वेतननिश्चिती त्याच तारखेला करायची की पुढच्या वेतनवाढीच्या तारखेला, हा विकल्प एका महिन्यात लेखी द्यायचा असतो. तो महिना हातचा जाऊ देऊ नका.

तिसरी वाट प्रोत्साहन रकमेची. केंद्र सरकारच्या कार्मिक विभागाने १५ मार्च २०१९ ला आदेश काढला. त्यात वेतनवाढ नाही, एकदाच मिळणारी रक्कम आहे: तीन वर्षांपर्यंतच्या पदवी किंवा पदविकेला १०,०००, त्याहून जास्त मुदतीच्या पदवीला १५,०००, एक वर्षापर्यंतच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमाला २०,०००, एक वर्षाहून मोठ्या पदव्युत्तर पदवीला २५,००० आणि पीएचडीला ३०,०००. पदवी तुमच्या कामाशी थेट निगडित हवी, आणि भरती नियमांत त्या पदासाठी ती आवश्यक किंवा इष्ट पात्रता म्हणून लिहिलेली नसावी. अभ्यास रजा घेऊन किंवा सरकारी खर्चाने केलेल्या पदवीला ही रक्कम नाही. संपूर्ण सेवेत फार तर दोनदा, मध्ये किमान दोन वर्षांचं अंतर. माझ्या मते पाच-सहा वर्षं शाळा आटोपून, घरचं करून, रात्री ग्रंथालयाची पुस्तकं उघडून बसणाऱ्या शिक्षिकेला आयुष्यात एकदा ३०,००० रुपये देणं हा अन्याय आहे. तिच्या अभ्यासाचा फायदा वर्गातल्या मुलांना पुढची पंधरा-वीस वर्षं मिळत राहतो, मग मोबदला एका दिवसात का संपावा? शिक्षक संघटनांनी हा मुद्दा लावून धरला पाहिजे. पण तुम्ही विचारलंय कायद्याचं, तेव्हा कायदा असा की हा आदेश केंद्राच्या कर्मचाऱ्यांसाठी आहे. गोवा सरकार बऱ्याच बाबतीत केंद्राचे सेवा नियम पाळतं, तरी असा प्रत्येक आदेश राज्याने स्वीकारावा लागतो. वर्तमानपत्रात केंद्राच्या आदेशाची बातमी आली म्हणजे आपल्या बिलात तो आला, असं होत नाही. काणकोण किंवा वाळपईच्या नवोदय विद्यालयातल्या शिक्षकाची गोष्ट वेगळी, त्याला त्याच्या समितीने स्वीकारलेले नियम लागतात आणि त्याचा वादही वेगळ्या न्यायाधिकरणापुढे जातो.

म्हणून तुमचं पहिलं पाऊल 'तरतूद नाही' हे तोंडी उत्तर कागदावर आणणं. दोन अर्ज करा. एक, मुख्याध्यापक आणि व्यवस्थापनामार्फत शिक्षण संचालकांना निवेदन. दुसरा, माहिती हक्क कायद्याखाली शिक्षण खात्याच्या जनमाहिती अधिकाऱ्याला, १० रुपये शुल्कासह. माहिती अर्जात 'मला वाढ का मिळत नाही' असं विचारू नका, कारण 'का' या प्रश्नाला ते उत्तर देणार नाहीत. कागद मागा. मी साधारण असा मजकूर देतो: 'अनुदानित तसेच सरकारी माध्यमिक विद्यालयांतील प्रशिक्षित पदवीधर शिक्षकांना सेवेत असताना पदव्युत्तर पदवी अथवा पीएचडी प्राप्त केल्यास देय असलेल्या वेतनवाढी, प्रोत्साहन रक्कम अथवा निवड श्रेणी यांसंबंधी १ जानेवारी २०१६ पासून आजपर्यंत अमलात असलेले सर्व आदेश, परिपत्रके आणि वित्त खात्याच्या मंजुरीच्या प्रती द्याव्यात.' तीस दिवसांत उत्तर यायला हवं. आलं नाही किंवा अपुरं आलं, तर तीस दिवसांत पहिलं अपील, आणि त्यानंतर नव्वद दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे दुसरं. आदेश हातात आला की तुमचं निम्मं काम झालं. 'असा कोणताही आदेश उपलब्ध नाही' असं लेखी उत्तर आलं, तर तेही मोलाचं, कारण मग न्यायालयात पैसे घालवायचे की संघटनेमार्फत धोरणाची मागणी करायची, हे तुम्हाला नेमकं कळतं.

निवेदनासोबत काय जोडायचं? पदवी सुरू करण्यापूर्वी घेतलेलं ना हरकत पत्र सगळ्यात महत्त्वाचं. पेडण्याकडच्या एका शिक्षकांचं प्रकरण माझ्याकडे होतं. मुख्याध्यापकांनी 'करा हो, शिका' म्हणून तोंडी परवानगी दिली होती. ते मुख्याध्यापक निवृत्त झाले, नवीन आले, आणि खात्याने पूर्वपरवानगीचा कागद मागितला. शेवटी जुन्या आवक नोंदवहीत त्यांच्या अर्जाचा क्रमांक सापडला म्हणून बाजू सावरली. ज्यांनी अजून प्रवेश घेतलेला नाही त्यांनी अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घेतल्याशिवाय कार्यालयातून बाहेर पडू नये. पीएचडीच्या बाबतीत विद्यापीठाने निकाल जाहीर केल्याची अधिसूचना किंवा तात्पुरतं प्रमाणपत्र जोडा. दीक्षान्त समारंभाची तारीख बरीच नंतरची असते, आणि आदेश बदलण्याच्या काळात या दोन तारखांमधलं अंतर निर्णायक ठरू शकतं.

पदवी कुठून घेतली हेही बघतात. तुमची गोवा विद्यापीठाची आहे, तेव्हा काळजी नाही. पण वाचणाऱ्या इतरांसाठी सांगतो: दूरस्थ पद्धतीने केलेली पीएचडी विद्यापीठ अनुदान आयोग मान्य करत नाही. दुसऱ्या राज्यातल्या विद्यापीठाचं 'अभ्यास केंद्र' म्हणून गावात पाटी लागलेली असली, तरी त्या विद्यापीठाला आपल्या राज्याबाहेर तसं केंद्र चालवायचा अधिकार आहे का, हे प्रवेशापूर्वी तपासा. इग्नूचं एमए चालतं, कारण तिचं कार्यक्षेत्र देशभर आहे.

वेळेबद्दल दोन गोष्टी. पगाराचा दावा दर महिन्याला नव्याने निर्माण होतो, त्यामुळे उशीर झाला तरी तो पूर्ण बुडत नाही. पण सर्वोच्च न्यायालयाने २००८ च्या तरसेम सिंग प्रकरणात सांगितलं आहे की अशा दाव्यात मागची थकबाकी साधारणपणे याचिकेपूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच द्यावी. दहा वर्षं वाट बघणाऱ्याची सात वर्षं गेली. आणि दर सहा महिन्यांनी स्मरणपत्र पाठवत राहिल्याने मुदत वाढत नाही. एक सविस्तर निवेदन, एक स्मरणपत्र, मग पर्वरीला उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठात याचिका, हा क्रम ठेवा. शिक्षकाला बडतर्फ केलं किंवा पदावनत केलं तर प्रशासकीय न्यायाधिकरणात अपील असतं, पण वेतनवाढीच्या दाव्याला थेट रिट याचिकेचाच मार्ग योग्य.

वाढ मिळाली आणि काही वर्षांनी लेखापरीक्षणात 'ही देय नव्हती' असा आक्षेप निघाला, तर वसुलीची नोटीस येते. तेव्हा शिक्षक हमखास २०१४ च्या रफीक मसीह निकालाचा आधार घेतात. त्यात वसुलीला मनाई आहे ती तृतीय आणि चतुर्थ श्रेणी कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्या किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, आणि वसुलीच्या आदेशापूर्वी पाच वर्षांहून जास्त काळ दिल्या गेलेल्या रकमेची. माध्यमिक शिक्षकाच्या पदाचं वर्गीकरण गट ब असेल, तर पहिल्या मुद्द्याचा उपयोग होत नाही, दुसरा किंवा तिसरा लागू पडावा लागतो. शिवाय २०१६ च्या दुसऱ्या एका निकालात न्यायालयाने म्हटलं की जादा रक्कम परत करीन असं हमीपत्र अधिकाऱ्याने दिलं असेल, तर वसुली होऊ शकते. वेतन आयोग लागू होताना कार्यालयाने पुढे केलेल्या छापील कागदावर आपण सगळ्यांनी सह्या केलेल्या असतात. त्याची प्रत मागून घ्या आणि तुमची हमी नेमकी कशाबद्दल होती ते वाचा.

तुमच्यापुरतं सांगायचं तर, पीएचडीवर आगाऊ वेतनवाढीचा दावा मी आज लढवणार नाही. कॉलेजच्या नियमांवर तो उभा राहत नाही. एमएवर मात्र हक्काची शक्यता आहे: निवड श्रेणीच्या वेळी, आणि उच्च माध्यमिकमध्ये जागा निघाली की पदोन्नतीच्या वेळी. दोन्हीसाठी सेवापुस्तिकेत एमए आणि पीएचडीची नोंद याच महिन्यात करून घ्या, ज्येष्ठता यादीची प्रत मिळवा आणि तीत तुमची पात्रता बीए, बीएड एवढीच छापली असेल तर यादीवर हरकत घ्यायच्या मुदतीतच लेखी हरकत घ्या. माहिती अर्जाला उत्तर आलं की आदेशांच्या प्रती मला पाठवा. त्यांत माध्यमिक शिक्षकांसाठी प्रोत्साहन रकमेचा आदेश निघाला, तर निवेदनाचा मसुदा त्यावर बेतून देईन.